आवाज कमी करा, असं मीच म्हणालो

मला कुणी 'गिटारवाले काका' म्हटलं की माझं डोकं फिरतं. इथे परदेशात, टॅम्पिनीसला आमच्या ब्लॉकमध्ये वरच्या मजल्यावर पुण्याचं एक जोडपं भाड्याने राहतं. त्यातला मुलगा गुणी आहे, बुओना व्हिस्टाला कुठल्याशा कंपनीत काम करतो, लिफ्टमध्ये भेटला की वाकून नमस्कार करतो आणि दर वेळी न चुकता विचारतो, "काका, अजून गिटार वाजवता का?" गिटार नव्हे रे बाबा, बेस! चार तारांचा, जाड तारांचा. तीनदा सांगून झालं. परवा त्याने फोनवर एक गाणं लावलं आणि म्हणाला, "ऐका काका, कसला भारी बेस आहे!" त्या फोनच्या टिचभर स्पीकरमधून बेस सोडून बाकी सगळं ऐकू येत होतं. माझी नात शेजारी उभी होती. ती इथल्या मिश्र बोलीत म्हणाली, "आजोबा, बेस कुठेय? कॅनॉट हिअर लाह." मी म्हटलं, बाई गं, हे वाक्य ऐकत ऐकतच मी म्हातारा झालो.

तीसेक वर्षं मी हे वाद्य वाजवलं. दुपारच्या टी डान्समध्ये, हॉटेलांच्या लाउंजमध्ये, दोन वर्षं तर जहाजावर. लोकांना गायक आठवतो, लीड गिटारवाला आठवतो, ड्रमवाल्याचे केससुद्धा आठवतात. मी कुठे उभा होतो, हे माझ्या सख्ख्या बायकोलाही फोटोत शोधावं लागतं. पुढे पुढे त्याचं खापर मी माइकवाल्यांवर आणि हॉटेलवाल्यांवर फोडायला शिकलो. पण पहिल्या खेपेला, जेव्हा सगळं पणाला लागलं होतं, तेव्हा मी ऐकू आलो नाही त्याला दुसरं कुणी जबाबदार नव्हतं. ते एकदा लिहून टाकावं म्हणजे चिडचिड तरी कमी होईल, असं ही म्हणते. होईलसं वाटत नाही.

तेव्हा आम्ही याच शहरात, हौगांगला राहायचो. आज तिथे ब्लॉकला ब्लॉक लागून उभे आहेत. तेव्हा नारळाची झाडं होती, हिरवट पाण्याची तळी होती, आणि डुकरं होती. डुकरं पाळणाऱ्या चिनी लोकांची ती वस्ती, त्यात एका किराणा दुकानाच्या मागच्या दोन खोल्या अण्णांनी घेतल्या होत्या, कारण भाडं परवडत होतं. अण्णा म्हणजे माझे वडील. मालवणकडून तरुणपणी इथे आले आणि बंदरावरच्या एका गोदामात कारकून म्हणून चिकटले ते निवृत्त होईपर्यंत. आईला या जागेचा मनस्वी राग होता. संध्याकाळी डुकरांना खायला घालायची वेळ झाली की जो कल्ला सुरू व्हायचा, त्यात तिची तुळशीपुढची शुभंकरोती आणि शेजारच्या दुकानातला चिनी रेडिओ दोन्ही बुडून जायचे. "देवाला तरी काय ऐकू जात असेल!" असं म्हणत ती आत यायची आणि बांगड्याच्या कालवणाला लागायची. बांगडा इथेही मिळायचा, आमसुलं मात्र गावाहून कुणी आणली तरच. ती संपली की ती मलय बाजारातले आंबट फळाचे सुके काप घालायची आणि जेवताना दर घासाला सांगायची की ही काही ती चव नव्हे. आम्हाला तीच चव माहीत होती, आम्ही ओरपायचो.

अण्णा तबला वाजवायचे. दर शनिवारी संध्याकाळी सबनीसकाकांकडे भजन असायचं. सबनीसकाका बँकेत होते, त्यांचं घर मोठं, गळा गोड, आणि त्या काळी इथे असलेली पाच-सहा मराठी कुटुंबं तिथे जमायची. सबनीसकाका गायचे आणि अण्णा साथ करायचे. मला अण्णांनी लहानपणापासून शेजारी बसवलं. आधी नुसता टाळ, मग डग्गा, मग दोन्ही. त्यांचा एकच दंडक होता: साथ करणाऱ्याने गाणाऱ्याच्या अंगावर जायचं नाही. माझा डग्गा जरा घुमला की मांडीवर चापट बसायची. "लोक त्यांना ऐकायला आलेत. तुला नाही." हे मी इतक्या वेळा ऐकलं, की पुढे मला चापटीची गरज उरली नाही. कुणी गायला लागलं की माझा हात आपोआप हलका व्हायचा.

हाच हात डेरेकला आवडला. डेरेक माझ्या शाळेतला युरेशियन मुलगा, दिसायला देखणा, आवाज असा की शाळेच्या जिन्यातही पोरी थांबायच्या. बंदरावर उतरणाऱ्या खलाशांकडून तो अमेरिकन तबकड्या मिळवायचा. बाकीचे बँड गुळगुळीत प्रेमगीतं वाजवत होते, आणि हा रिदम अँड ब्लूजने झपाटलेला. त्या गाण्यांत बेस काढून घेतला तर गाणं खालीच बसतं, पण बेस वाजवायला कुणी तयार नव्हतं. प्रत्येकाला पुढे उभं राहायचं होतं. मला डग्गा येतो म्हटल्यावर तो म्हणाला, "मग झालं तर, सेम थिंग." सेम थिंग कसलं! पण मी हो म्हणालो. आमच्या वस्तीतल्या कपाटं करणाऱ्या सुताराने मला बेस करून दिला. तो इतका जड होता की दोन तास गळ्यात अडकवला की डावा खांदा दुसऱ्या दिवशी वर होत नसे.

शिकवायला कोण होतं? कुणी नाही. डेरेकच्या घरच्या रेडिओग्रामवर बेस धड ऐकू यायचा नाही, नुसती गुरगुर. मग आम्ही एक युक्ती काढली. पंचेचाळीसच्या वेगाची तबकडी अठ्ठ्याहत्तरवर, म्हणजे पळवून लावायची. गाणारा उंदरासारखा चिंचिं करायचा, ड्रमर आ सेंग हसून हसून लोळायचा, पण बेस वरच्या पट्टीत यायचा आणि त्याचा एकेक सूर स्वच्छ कळायचा. मी तो तोंडाने म्हणून पाठ करायचो, मग बेसवर खाली उतरवायचो. अशी मी चाळीसेक गाणी बसवली. आजकाल पोरांना बोट फिरवलं की सगळं समोर येतं, आणि तरी कंटाळा येतो म्हणतात.

बँडचं नाव सांगत नाही, कारण ते डेरेक दर सहा महिन्यांनी बदलायचा. पण रविवारच्या टी डान्समध्ये आमचं बस्तान बसलं. दुपारी तीन ते सहा, तिकिटात एक संत्र्याचं सरबत, आणि हॉल भरून पोरंपोरी. आमची पहिली तबकडी काढायचंही ठरलं. मग एक दिवस डेरेक उड्या मारत आला. उत्तरेला पेनांग बेटावरच्या एका हॉटेलने सहा महिन्यांसाठी बोलावलं होतं, रोज संध्याकाळी वाजवायचं, राहणं-जेवण त्यांचं. माझ्या आयुष्यात मला त्याआधी काहीही इतकं हवंसं वाटलं नव्हतं. अडचण एकच: मला एकवीस पूर्ण झाली नव्हती, करारावर वडिलांची सही हवी होती. आणि अण्णांनी गोदामात माझ्यासाठी शब्द टाकून ठेवला होता.

अण्णा आरडाओरडा करणारे नव्हते. त्यांनी कागद वाचला, घडी घालून परत दिला आणि म्हणाले, "तुम्ही ती तबकडी काढणार आहात ना? ती आण. कशाच्या जिवावर नोकरी सोडतोयस ते मला ऐकू दे. कानाला पटलं तर सही करीन." मी त्याच क्षणी जिंकलो असं मला वाटलं. कारण अण्णांचा कान! चार तबल्यांत एक उतरलेला असला तर ते खोलीच्या बाहेरून सांगायचे. अशा माणसाला मी ऐकवणार होतो. मला दुसरा परीक्षक नकोच होता.

तबकडी म्हणजे दोन गाणी, एक इकडे, एक तिकडे. एका कोंदट खोलीत, भिंतीला गाद्या लावलेल्या, सगळ्यांनी एकदम वाजवायचं आणि ते तसंच टिपलं जायचं. रेकॉर्डिंग करणारे एक वयस्कर चिनी गृहस्थ होते, चष्म्याच्या दोन काड्या दोन रंगांच्या. तालीम झाल्यावर त्यांनी एकेकाला विचारलं. डेरेक म्हणाला, माझा आवाज अजून पुढे हवा. लीड गिटारवाला रहीम म्हणाला, माझीही गिटार वाढवा. आ सेंग म्हणाला, ड्रम डब्यासारखा वाजतोय. मग ते माझ्याकडे वळले. "बेस, हाऊ? इनफ ऑर नॉट?"

आणि मी काय म्हणालो असेन? मी म्हणालो, "कमी केलात तरी चालेल, सर." कुणी सांगितलं नव्हतं, कुणी मागितलं नव्हतं. समोर गाणारा उभा होता आणि माझ्या जिभेने आपोआप चापट चुकवली. त्या गृहस्थांना आनंदच झाला. बेस जास्त झाला की स्वस्तातल्या प्लेअरवर सुई उडते, लोक तबकडी परत आणतात, असं काहीतरी ते म्हणाले आणि त्यांनी बटण पिळलं. वर मान डोलावून "गुड बॉय" म्हणावं तसे माझ्याकडे बघून हसले. मी पण हसलो. गाढवासारखा हसलो. साठ वर्षं होत आली, अजून रात्री-बेरात्री नव्हे, भर दुपारी भाजी निवडताना मला ते हसू आठवतं आणि मी हातातली शेंग मोडतो.

तबकडी हातात आली तेव्हा आमच्याकडे प्लेअर नव्हता. अण्णा म्हणाले, सबनिसांकडे लावू. म्हणजे शनिवारी, भजनाच्या आधी, सगळ्यांसमोर. काकूंनी पोहे केले होते. सबनीसकाकांनी तबकडी फडक्याने पुसली, सुई ठेवली. डेरेकचा आवाज खोलीभर झाला. रहीमची गिटार झाली. आ सेंगचा ड्रम खरंच डब्यासारखा वाजत होता. मी कान टवकारून बसलो. पहिलं कडवं गेलं, दुसरं गेलं. मी होतो तिथे काहीच नव्हतं. अगदी कान लावला तर कुठेतरी लांब कुणी फर्निचर सरकवतंय असा भास होत होता.

"मुलाचा गळा छान आहे," सबनीसकाका म्हणाले. "कोण हा?"

अण्णा डोळे मिटून ऐकत होते. गाणं संपल्यावर त्यांनी डोळे उघडले. "यात तू कुठे आहेस?"

मी दुसऱ्यांदा लावायला सांगितलं. आणि मग मी असा काही वेडेपणा केला, की तो आठवला तरी कानाच्या पाळ्या गरम होतात. मी त्या गाण्यावर माझा बेस तोंडाने म्हणायला लागलो. "हे बघा, इथे डूम डूम, आता इथे खाली उतरतो, ऐकू येतंय ना?" काकू पोह्यांची बशी धरून तशाच उभ्या राहिल्या. कुणाचं तरी लहान मूल खुदकन हसलं. अण्णांनी हात वर करून मला थांबवलं.

"का ऐकू येत नाही?"

"मीच कमी करायला सांगितलं."

"का?"

"तुम्हीच शिकवलंत," मी म्हणालो. सगळ्यांसमोर म्हणालो, आणि आवाज चढवून म्हणालो.

त्या दिवशी अण्णांनी भजनाला साथ केली ती कशीबशी. परतीच्या बसमध्ये ते खिडकीबाहेर बघत बसले होते. तसेच बाहेर बघत म्हणाले, "वीस वर्षं मी सबनिसांच्या शेजारी बसतोय. मागच्या महिन्यात त्यांच्या बँकेतला कोणी पाहुणा आला होता, तो जाताना मला म्हणाला, तबलेवाले, जरा माझी छत्री द्या. तुला घरदार सोडून, नोकरी सोडून तेच करायला जायचंय?" आणि मग, "सही होणार नाही."

मी घरी येऊन जेवलो नाही. पण आई गप्प बसणाऱ्यांपैकी नव्हती. तिने अण्णांच्या पुढ्यात ताट आपटलं. "तुमचं ऐकून पोर गप्प बसलं, आणि आता गप्प बसलं म्हणून त्यालाच बोल लावता? जन्मभर त्याचा हात धरलात ना? मग एकदा हात सोडून काय वाजवतो ते बघून तरी या!" अण्णांनी ताट पुढे ओढलं.

पुढच्या रविवारी टी डान्सला तिसऱ्या गाण्याच्या मध्यावर मला ते दिसले. हॉलच्या मागच्या खांबापाशी, ऑफिसचा कोट घालून, बगलेत छत्री, हातात सरबताचा ग्लास, आणि आजूबाजूला नाचणारी पोरं त्यांना धक्के देत होती. त्यांना तसं बिचाऱ्यासारखं उभं बघून मला दया यायला हवी होती. मला आली नाही. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. ऐकायचंय ना? ऐका! मी मागे वळलो आणि ॲम्प्लिफायरचं बटण जाईल तिथवर फिरवलं.

काय सांगू! खिडक्यांची तावदानं थरथरायला लागली. टेबलांवरचे ग्लास वाजायला लागले. डेरेकने गाता गाता माझ्याकडे बघितलं, मग डोळे वटारले, मग हाताने खुणा केल्या. मी त्याच्याकडे बघितलंच नाही. मी खांबाकडे बघत होतो. आ सेंग दात काढून हसला आणि त्यानेही हाणायला सुरुवात केली. चार गाणी मी तशी वाजवली. पाठ केलेलं सोडून दिलं, गाण्याच्या आडवा गेलो, वर गेलो, डेरेक श्वास घ्यायला थांबला की तिथे घुसलो, आणि तो नाही थांबला तरी घुसलो. आयुष्यात पहिल्यांदा मला मी पोटात ऐकू येत होतो. खरं सांगतो, तसं सुख मला पुन्हा मिळालं नाही, आणि तसं वाईटही मी पुन्हा कधी वाजवलं नाही.

मध्यंतरात अण्णा गर्दीतून वाट काढत स्टेजपाशी आले. कपाळावर घाम होता. "कागद आहे?" म्हणाले. तो माझ्या खिशातच होता, आठवडाभर होता. त्यांनी कोटातून पेन काढलं, कागद माझ्या ॲम्प्लिफायरवर ठेवला आणि आपली लांबलचक, गोदामातली सही केली. "आज तू ऐकू आलास," ते म्हणाले. "गाणं काही ऐकू आलं नाही. पण ते त्या गाणाऱ्याने बघावं." आणि छत्री सावरत, खाली बसस्टॉपवर थांबतो म्हणून निघून गेले.

मी तो कागद घेऊन धावतच पडद्यामागे गेलो. डेरेक टॉवेलने मान पुसत होता.

"सही झाली!" मी म्हणालो.

"कसली सही?" तो म्हणाला. "तू काय केलंस ते तुला कळलं तरी का? नुसतं बूम बूम बूम! मी कुणासाठी गात होतो, लाह? हॉटेलचा माणूस आला असता आज, तर?"

मी सांगायला लागलो, माझे वडील आले होते, त्यांना ऐकू जावं म्हणून, एकदाच, फक्त आजच. त्याने ऐकूनही घेतलं नाही. "तुझे वडील एक माणूस. हॉलभर बाकीची माणसं होती." मग टॉवेल खांद्यावर टाकून, अगदी शांतपणे म्हणाला, "मी तुला का घेतलं माहितेय? तू कधी मध्ये येत नाहीस म्हणून. पेनांगला मी माझ्या चुलतभावाला नेतो."

रहीम बुटांकडे बघत राहिला. आ सेंग म्हणाला, "आय्या, डेरेक, गिव्ह चान्स लाह," पण डेरेकने त्याच्याकडेही पाठ फिरवली. उरलेला दीड तास मी आवाज पार खाली आणून वाजवलं. कुणालाही फरक जाणवला नाही.

बसमध्ये अण्णा इतके बोलले, की मला त्यांचं तोंड बंद करावंसं वाटलं. ही सम कुठे धरता तुम्ही, तो ड्रमवाला घाई करतो त्याला सांग, पेनांगला माझ्या गोदामातल्या एकाचा भाऊ आहे. घरात शिरतानाच आईला म्हणाले, "ऐकलंस का? चिरंजीव पेनांगला चाललेत." आईने डोळ्यांना पदर लावला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बेसन भाजायला घेतलं. तीन दिवस मी तोंडात मूग धरून बसलो. लाडू वळून झाले, चिवडा झाला, अण्णांनी गोदामात जाऊन माझ्या जागेसाठी दुसरा मुलगा बघा म्हणून सांगितलं. दुकानदाराने एक रिकामा पत्र्याचा डबा दिला, आईने तो घासूनपुसून उन्हात ठेवला. तो डबा बघितला आणि माझा धीर सुटला. जेवताना मी सगळं सांगून टाकलं, डेरेक काय म्हणाला ते अक्षरन् अक्षर.

आईचा हात वाढता वाढता थांबला. बाहेर डुकरांचा कल्ला चालू होता. मला वाटलं, आता अण्णा म्हणतील, झालं ते बरं झालं, सोमवारपासून गोदामात ये. मी ती वाट बघत मान खाली घालून बसलो. खरं तर त्या क्षणी त्यांनी तसं म्हटलं असतं तर मी गेलो असतो. मला भांडायचीही ताकद उरली नव्हती.

अण्णांनी भाताचा घास संपवला, पाणी प्यायले, ताटात हात धुतला.

"मग दुसरा बँड शोध," ते म्हणाले. "मी सही केलीय."